जनरल सिकोर्स्की : परागंदा सरकारचा सेनापती

मिरजेहून कोल्हापूरकडे जाणाऱ्या लोहमार्गावर, कोल्हापूर येण्याच्या थोडे अलीकडे, वळिवडे नावाचे एक लहानसे स्थानक लागते. १९४३ ते १९४८ या काळात या गावाच्या माळावर सुमारे पाच हजार पोलिश निर्वासितांची वसाहत होती. त्यांत बहुसंख्य स्त्रिया आणि मुले होती. बराकींच्या लांबलचक रांगा, त्यांच्या शाळा, त्यांचे चर्च, त्यांची बालवीर पथके असे एक छोटे पोलंडच पंचगंगेच्या खोऱ्यात पाच वर्षे नांदून गेले. ही माणसे थेट पोलंडमधून आलेली नव्हती. सायबेरियातील जंगले आणि कझाकस्तानातील ओसाड माळराने येथून ती इराणमार्गे हिंदुस्थानात पोहोचली होती. त्यांची तेथून सुटका झाली ती एका करारामुळे. ३० जुलै १९४१ रोजी लंडनमध्ये त्या करारावर पोलंडच्या वतीने ज्यांनी स्वाक्षरी केली, ते जनरल व्लादिस्लाव सिकोर्स्की. त्या एका स्वाक्षरीने लक्षावधी देशबांधवांचे तुरुंग उघडले, आणि त्याच स्वाक्षरीबद्दल स्वतःच्या मंत्रिमंडळातील सहकाऱ्यांनी त्यांची साथ सोडली.

सिकोर्स्कींचा जन्म २० मे १८८१ रोजी गॅलिशिया प्रांतातील तुशूव्ह नारोदोवी या खेड्यात झाला. त्या वेळी पोलंड नावाचे राष्ट्र नकाशावर नव्हते. १७९५ मध्ये रशिया, प्रशिया आणि ऑस्ट्रिया या तीन सत्तांनी त्याचे उरलेसुरले लचके तोडून वाटून घेतले होते. गॅलिशिया ऑस्ट्रियाच्या वाट्याला आला होता. वडील खेड्यातील शाळेत शिक्षक होते. त्यांचे छत्र सिकोर्स्कींच्या लहानपणीच हरपले. घरची स्थिती बेताचीच होती. झेशूव्ह आणि ल्वूव्ह येथे शालेय शिक्षण पुरे करून त्यांनी ल्वूव्हच्या तंत्रविद्यालयात प्रवेश घेतला आणि १९०८ मध्ये ते स्थापत्य अभियंता झाले. रस्ते, पूल आणि जलव्यवस्था हा त्यांचा विषय होता. मध्यंतरी ऑस्ट्रियन सैन्यातील सक्तीची सेवा बजावून त्यांनी राखीव अधिकाऱ्याची सनदही मिळविली होती.

पण पूल बांधणे हे या अभियंत्याच्या नशिबी नव्हते. ल्वूव्ह हे त्या काळी पोलिश तरुणांच्या गुप्त चळवळींचे केंद्र होते. १९०८ मध्ये तेथे सशस्त्र लढ्यासाठी एक गुप्त संघटना उभी राहिली. तिच्या संस्थापकांत सिकोर्स्की होते, सोस्नकोव्स्की होते, आणि या सर्वांवर प्रभाव गाजविणारे जोझेफ पिलसुडस्कीही होते. पुढची चाळीस वर्षे पोलंडचा इतिहास ज्यांनी घडविला व बिघडविला, त्यांतील कित्येकजण त्या एका शहरातील कोंदट खोल्यांत एकमेकांचे स्नेही म्हणून बसत होते. त्यांचे पुढे झालेले हाडवैर समजून घ्यायचे तर हा आरंभीचा स्नेह ध्यानात ठेवावा लागतो.

पहिल्या महायुद्धात वैराची बीजे पडली. ऑस्ट्रियाच्या छत्राखाली उभारलेल्या पोलिश पलटणींसाठी सैन्यभरती करणाऱ्या खात्याचे सिकोर्स्की प्रमुख होते. पिलसुडस्कींचे म्हणणे असे की, परकीयांना फुकट माणसे पुरवू नयेत. आधी राजकीय हमी घ्यावी. सिकोर्स्कींना वाटे की, हाती प्रशिक्षित सैन्य असेल तरच उद्या कोणी हमी देईल. १९१७ मध्ये पिलसुडस्कींनी आपल्या सैनिकांना जर्मन सम्राटाशी निष्ठेची शपथ घेऊ दिली नाही आणि ते कैदेत गेले. सिकोर्स्की मात्र ऑस्ट्रियाच्या बाजूस राहिले. पुढच्याच वर्षी ऑस्ट्रिया व जर्मनीने पोलिश प्रदेशाचा एक तुकडा युक्रेनला देऊ केला, तेव्हा त्यांनी उघड निषेध केला आणि त्यांनाही स्थानबद्ध व्हावे लागले. पण लोकांच्या स्मरणात पहिली कैद राहिली, दुसरी राहिली नाही.

नोव्हेंबर १९१८ मध्ये पोलंड स्वतंत्र झाला. सीमा मात्र ठरलेल्या नव्हत्या. त्या तलवारीने आखाव्या लागणार होत्या. १९२० च्या ऑगस्टमध्ये रशियाची लाल सेना वॉर्सापर्यंत येऊन ठेपली. राजधानीच्या उत्तरेस व्क्रा नदीच्या काठी पाचव्या सैन्याचे नेतृत्व सिकोर्स्कींकडे होते. पिलसुडस्कींनी दक्षिणेकडून शत्रूच्या बगलेवर निर्णायक हल्ला चढविण्याची योजना आखली होती. परंतु तो हल्ला होईपर्यंत उत्तरेची फळी टिकली नसती तर सगळेच संपले असते. सिकोर्स्कींनी नुसता बचाव केला नाही. संख्येने अधिक असलेल्या शत्रूवर त्यांनी प्रतिहल्ला केला. हाताशी असलेले थोडेसे रणगाडे आणि चिलखती गाड्या त्यांनी चपळाईने वापरल्या. चेखानूव्ह येथे पोलिश घोडदळाच्या एका तुकडीने सोव्हिएत चौथ्या सैन्याचे बिनतारी केंद्रच ताब्यात घेतले. त्या सैन्याचा आपल्या सेनापतीशी संबंध तुटला आणि वॉर्सावर वळण्याऐवजी ते पश्चिमेकडे भरकटत राहिले. यंत्र आणि वेग यांच्या युद्धाचा हा धडा सिकोर्स्की कधीच विसरले नाहीत.

सैनिकाचा राजकारणी झाला तो एका खुनाच्या दिवशी. १६ डिसेंबर १९२२ रोजी, अधिकारग्रहण करून जेमतेम पाच दिवस झालेले पोलंडचे पहिले अध्यक्ष नारुतोविच यांची वॉर्सातील चित्रप्रदर्शनात गोळ्या घालून हत्या झाली. देश यादवीच्या उंबरठ्यावर उभा होता. त्याच दिवशी सिकोर्स्कींना पंतप्रधानपदी बसविण्यात आले. त्यांनी कठोरपणे शांतता राखली, खुनी माणसावर तातडीने खटला चालवून त्याला देहदंड दिला गेला, आणि पुढच्या मार्चमध्ये दोस्त राष्ट्रांच्या राजदूत परिषदेकडून पोलंडच्या पूर्व सीमेला मान्यता मिळविण्यात त्यांचे सरकार यशस्वी झाले. हे सरकार पाच महिने टिकले. नंतर १९२४-२५ मध्ये ते युद्धमंत्री होते.

मे १९२६ मध्ये पिलसुडस्कींनी लष्करी उठाव करून सत्ता बळकावली. त्या वेळी सिकोर्स्की ल्वूव्ह विभागाचे सेनाप्रमुख होते. कायदेशीर सरकारच्या मदतीस त्यांनी आपले सैन्य पाठविले नाही. पूर्व सीमा मोकळी सोडता येत नाही, असे कारण दिले. ते कारण खोटे नव्हते, पण पुरेसेही नव्हते. ज्या घटनात्मक राज्यव्यवस्थेचा पुढे त्यांनी कैवार घेतला, ती कोसळत असताना ते बाजूला उभे राहिले, ही गोष्ट त्यांच्या चरित्रकाराला टाळता येण्याजोगी नाही. या तटस्थतेचे फळही त्यांना मिळाले नाही. १९२८ मध्ये पिलसुडस्कींनी त्यांना पदावरून दूर केले. सत्तेचाळिसाव्या वर्षी, ऐन उमेदीत, पोलंडचा हा नामांकित सेनानी बेकार झाला.

पुढील अकरा वर्षे त्यांना सैन्यात कसलेही काम देण्यात आले नाही. बराच काळ त्यांनी फ्रान्समध्ये घालविला. वाचन आणि लेखन केले. १९३४ मध्ये भावी युद्धाविषयीचे त्यांचे पुस्तक प्रसिद्ध झाले. पुढचे युद्ध खंदकांत बसून लढले जाणार नाही. रणगाडे, विमाने आणि यंत्रारूढ पायदळ यांच्या संयुक्त, आकस्मिक आणि खोलवर शिरणाऱ्या हल्ल्याने ते लढले जाईल, असा त्या ग्रंथाचा आशय होता. पाच वर्षांनी नेमक्या याच पद्धतीने पोलंड चिरडला गेला. आपल्या देशातील सत्ताधाऱ्यांनी त्या ग्रंथाकडे पाठ फिरवावी आणि शत्रूने त्याच तत्त्वांची आपल्यावर प्रचीती आणून द्यावी, यापरते लेखकाचे दुर्दैव ते कोणते? १९३६ मध्ये जगविख्यात पियानोवादक आणि माजी पंतप्रधान पादेरेव्स्की यांच्या स्वित्झर्लंडमधील निवासस्थानी विरोधी नेत्यांची एक आघाडी जुळविण्याचा प्रयत्न झाला. त्यात सिकोर्स्की पुढे होते.

१ सप्टेंबर १९३९ रोजी हिटलरने आक्रमण केले. सिकोर्स्कींनी कोणत्याही सैन्याचे नेतृत्व मागितले. ते नाकारण्यात आले. १७ तारखेस पूर्वेकडून सोव्हिएत सैन्य घुसले आणि पोलंड दोन्ही बाजूंनी गिळला गेला. राष्ट्राध्यक्ष, मंत्री आणि सरसेनापती रुमानियात गेले आणि तेथे जर्मनीच्या दडपणाखाली स्थानबद्ध झाले. सिकोर्स्कीही त्याच वाटेने निघाले; परंतु ते सरकारात नव्हते, म्हणून त्यांना कोणी अडविले नाही आणि ते पॅरिसला पोहोचले. अकरा वर्षांची उपेक्षा अशी अकस्मात उपयोगी पडली. जुन्या राजवटीच्या पराभवाचा डाग त्यांच्यावर नव्हता. ३० सप्टेंबरला ते परागंदा सरकारचे पंतप्रधान झाले आणि नोव्हेंबरमध्ये सरसेनापतीही. अध्यक्षपद राच्कियेविच यांच्याकडे आले.

राजधानी शत्रूच्या हाती, राजा दूर परमुलखात, आणि तरीही राज्य संपलेले नाही, ही स्थिती मराठी वाचकाला अनोळखी नाही. राजाराम महाराजांच्या जिंजीतील वास्तव्यात स्वराज्य असेच तगून राहिले होते. मात्र जिंजीतील राजाजवळ निदान स्वतःचा किल्ला होता. सिकोर्स्कींच्या सरकारजवळ भूमी अशी नव्हतीच. फ्रान्सने आँजे या गावी त्यांना जागा दिली. फ्रान्समधील पोलिश कामगार आणि रुमानिया-हंगेरीतून निसटून आलेले सैनिक गोळा करून त्यांनी सुमारे ऐंशी हजारांचे सैन्य उभे केले. ते पुरते सज्ज होण्याआधीच, जून १९४० मध्ये, फ्रान्स कोसळला. सिकोर्स्कींनी फ्रेंच सैन्याच्या लढाऊपणावर शेवटपर्यंत विश्वास ठेवला आणि माघारीचा हुकूम उशिरा दिला. परिणामी त्या सैन्याचा जेमतेम चौथा हिस्सा इंग्लंडला पोहोचू शकला. या चुकीबद्दल त्यांच्यावर झालेली टीका रास्त होती. जुलैमध्ये राष्ट्राध्यक्षांनी त्यांना बडतर्फही केले होते. काही दिवसांतच तो निर्णय मागे घ्यावा लागला.

लंडनमधील तीन वर्षे हा त्यांच्या आयुष्याचा कळसाचा काळ. चर्चिल यांच्याशी त्यांचे सूर जुळले. ५ ऑगस्ट १९४० च्या कराराने पोलिश सैन्याला ब्रिटनच्या भूमीवर स्वतंत्र राष्ट्राचे सैन्य म्हणून स्थान मिळाले. त्या उन्हाळ्यात ब्रिटनच्या आकाशात झालेल्या हवाई युद्धात १४५ पोलिश वैमानिक लढले आणि त्यांच्या ३०३ क्रमांकाच्या पथकाने आपला नावलौकिक गाजविला. पायदळ स्कॉटलंडच्या किनाऱ्यावर पहारा देत होते. मायदेशी भूमिगत सेना आकार घेत होती. फेब्रुवारी १९४२ मध्ये सिकोर्स्कींच्या आदेशाने तिला गृहसेना हे नाव मिळाले. भूमिगत दूत यान कार्स्की यांनी वॉर्सातील ज्यूंच्या संहाराची साक्ष लंडनला आणली, आणि १० डिसेंबर १९४२ रोजी सिकोर्स्कींच्या सरकारने दोस्त राष्ट्रांना त्याविषयी अधिकृत निवेदन दिले. जगाने त्याची घेतली पाहिजे तेवढी दखल घेतली नाही.

या कर्तबगारीला एक काळी किनारही आहे. जुन्या राजवटीच्या पक्षपाती अधिकाऱ्यांना सिकोर्स्कींनी दूर ठेवले. त्यांपैकी अनेकांना स्कॉटलंडजवळील ब्यूट बेटावर, कामधाम न देता, अक्षरशः अडगळीत टाकण्यात आले. ज्याने स्वतः अकरा वर्षे अशी अवहेलना सोसली, त्यानेच ती इतरांच्या माथी मारावी, हे मनाला खटकते.

२२ जून १९४१ रोजी जर्मनीने रशियावर आक्रमण केले आणि सगळा पट बदलला. कालचा लुटारू आज ब्रिटनचा मित्र झाला. सोव्हिएत प्रदेशात त्या वेळी लक्षावधी पोलिश नागरिक तुरुंगांत, श्रमछावण्यांत आणि हद्दपारीत होते. घराघरांतून मध्यरात्री उचलून गुरांच्या डब्यांतून नेलेली कुटुंबे त्यांत होती. सिकोर्स्कींपुढे दोन मार्ग होते. १९३९ पूर्वीची सीमा रशियाने आधी लेखी मान्य करावी, असा हट्ट धरायचा, आणि तो मान्य होईपर्यंत तिकडे माणसे मरू द्यायची. किंवा सीमेचा प्रश्न मोघम ठेवून माणसे आधी सोडवायची. हिवाळा तोंडावर होता. ब्रिटनचे दडपण होते. सिकोर्स्कींनी दुसरा मार्ग पत्करला. सोव्हिएत राजदूत मायस्की यांच्याशी झालेल्या करारात रशियाने जर्मनीबरोबरचे १९३९ चे तह पोलंडच्या प्रदेशापुरते रद्द मानले. परंतु सीमा कोठे, याचा स्पष्ट उच्चार नव्हता. कैद्यांच्या सुटकेसाठी माफी हा शब्द योजण्यात आला. गुन्हाच न केलेल्यांना माफी कसली, हा प्रश्न प्रत्येक पोलिश मनात सलला. सोस्नकोव्स्की, झालेस्की आणि सेयदा या तीन मंत्र्यांनी राजीनामे दिले. राष्ट्राध्यक्षांनीही करारास संमती दिली नाही.

तरीही दारे उघडली. जनरल अँडर्स हे स्वतः मॉस्कोच्या तुरुंगातून बाहेर आले आणि रशियातच उभ्या राहणाऱ्या पोलिश सैन्याचे सेनापती झाले. हजारो मैलांवरून, फाटक्या कपड्यांनी आणि अर्धपोटी, माणसे त्या सैन्याच्या तळांकडे येऊ लागली. सैनिकांमागून त्यांच्या बायका आणि पोरकी मुले. डिसेंबर १९४१ मध्ये जर्मन फौजा मॉस्कोच्या वेशीवर असताना सिकोर्स्की क्रेमलिनमध्ये स्टालिन यांना भेटले. सुटून आलेल्यांत आपले हजारो अधिकारी कोठेच दिसत नाहीत, त्यांचे काय झाले, असे त्यांनी नावांची यादी पुढे ठेवून विचारले. ते पळून मांचुरियात गेले असतील, असे काहीसे उत्तर स्टालिन यांनी दिले. त्या अधिकाऱ्यांना ठार मारण्याच्या ५ मार्च १९४० च्या निर्णयावर स्टालिन यांची स्वतःची सही होती, हे जगाला कळायला अर्धशतक जावे लागले.

१९४२ मध्ये, दोन टप्प्यांत, सुमारे १,१५,००० पोलिश सैनिक व नागरिक कॅस्पियन समुद्र ओलांडून इराणात आले. सगळे सैन्य रशियाबाहेर काढावे, असे सिकोर्स्कींच्या मनात आरंभी नव्हते. काही सैन्य तेथे राहून पूर्वेकडूनच मायदेशी शिरावे, अशी त्यांची योजना होती. ती परिस्थितीपुढे टिकली नाही. नागरिकांसाठी त्यांच्या सरकारने देशोदेशी आसरा शोधला. पूर्व आफ्रिका, न्यूझीलंड, मेक्सिको आणि हिंदुस्थान येथे त्यांच्या वसाहती झाल्या. नवानगरचे जामसाहेब दिग्विजयसिंह यांनी बालाचडी येथे अनाथ मुलांना पित्याच्या मायेने ठेवून घेतले, पाचगणीला आजारी मुलांची सोय झाली, आणि वळिवड्याला सर्वांत मोठी वसाहत उभी राहिली. तिच्या खर्चाचा भार लंडनमधील पोलिश सरकारने उचलला. अँडर्स यांचे सैन्य पुढे इटलीत ब्रिटिश आठव्या सैन्यात लढले. बेळगाव हे ज्यांचे माहेरघर, त्या मराठा पलटणीही त्याच आठव्या सैन्याच्या बाजूने इटलीच्या डोंगरांत लढत होत्या.

१३ एप्रिल १९४३ रोजी बर्लिन नभोवाणीने जाहीर केले की, स्मोलेन्स्कजवळ कातिनच्या जंगलात हजारो पोलिश अधिकाऱ्यांची प्रेते सामूहिक कबरींत सापडली असून हे कृत्य सोव्हिएतांचे आहे. सांगणारा शत्रू होता, सांगण्यामागचा हेतू दोस्तांत फूट पाडण्याचा होता. आणि तरीही सांगितलेले खरे होते. सिकोर्स्कींच्या जागी दुसरा कोणी असता तर त्याने काय केले असते, हे सांगणे कठीण आहे. गप्प राहावे तर आपल्याच मृत सैनिकांशी द्रोह, बोलावे तर युतीला तडा. त्यांच्या सरकारने आंतरराष्ट्रीय रेडक्रॉसकडे निःपक्षपाती चौकशीची मागणी केली. तेवढे निमित्त करून स्टालिन यांनी २५ एप्रिलला पोलिश सरकारशी संबंध तोडले. ब्रिटन आणि अमेरिका यांना रशियाची गरज पोलंडपेक्षा मोठी होती. मे महिन्याच्या अखेरीस सिकोर्स्की मध्यपूर्वेतील आपल्या सैन्याच्या पाहणीसाठी निघाले. कातिनच्या वार्तेने ते सैन्य संतप्त झाले होते आणि त्याचा रोष काही अंशी खुद्द सिकोर्स्कींवरही होता.

परतीच्या वाटेवर ४ जुलै १९४३ रोजी रात्री ११ वाजून ७ मिनिटांनी त्यांचे लिबरेटर विमान जिब्राल्टरहून उडाले आणि अवघ्या सोळा सेकंदांत समुद्रात कोसळले. विमानात सतराजण होते. चेक वैमानिक प्रखाल एवढेच वाचले. मृतांत सिकोर्स्कींचे सेनाप्रमुख क्लिमेत्स्की होते, दोन ब्रिटिश संसद सदस्य होते, आणि वडिलांसमवेत काम करणारी त्यांची एकुलती कन्या झोफिया होती. तिचा देह सापडलाच नाही. ब्रिटिश चौकशी मंडळाने नियंत्रक यंत्रणा अडकल्याने अपघात झाल्याचे म्हटले, घातपाताची शक्यता नाकारली. परंतु ती यंत्रणा का अडकली, हे त्याला सांगता आले नाही. तेवढ्या फटीतून संशयाची रोपटी उगवली. त्याच दिवशी मायस्की यांचे विमान जिब्राल्टरला उतरले होते. ब्रिटिश गुप्तहेर खात्यात त्या विभागाचे काम पाहणारे किम फिल्बी पुढे सोव्हिएत हेर निघाले. प्राणरक्षक जाकीट सहसा न घालणारे प्रखाल ते घातलेल्या स्थितीत सापडले. १९६७ मध्ये जर्मन नाटककार होखहूट यांनी तर खुद्द चर्चिल यांच्यावरच ठपका ठेवला. तेव्हा प्रखाल यांनी न्यायालयात धाव घेतली. नोव्हेंबर २००८ मध्ये सिकोर्स्कींचे अवशेष बाहेर काढून तपासण्यात आले. मृत्यू विमान अपघातात होणाऱ्या जखमांनीच झाला, आधी खून झालेला नव्हता, असे तज्ज्ञांनी सांगितले. विमानात कोणी बिघाड केला होता काय, याचे उत्तर मात्र हाडांना विचारून मिळणारे नव्हते. २०१३ मध्ये पोलंडमधील चौकशीही बंद झाली.

त्यांच्या पश्चात दोन पदे दोघांकडे गेली. मिकोलायचिक पंतप्रधान झाले आणि करारावर राजीनामा देणारे सोस्नकोव्स्की सरसेनापती. त्याच वर्षाच्या अखेरीस तेहरानमध्ये तीन महासत्तांच्या नेत्यांनी पोलंडची पूर्व सीमा पोलंडला न विचारता पश्चिमेकडे सरकवण्याचे मान्य केले. जुलै १९४५ मध्ये ब्रिटन व अमेरिका यांनी लंडनमधील पोलिश सरकारची मान्यता काढून घेतली. वळिवड्यातील बहुतेकांची घरे ज्या मुलखात होती, तो मुलूख आता सोव्हिएत संघात होता. जायचे तर कोठे जायचे, असा प्रश्न त्या बराकींतील बायकांना पडला. काहीजणी नव्या पोलंडमध्ये गेल्या, बऱ्याच इंग्लंड, ऑस्ट्रेलिया, कॅनडा अशा दूरदेशी विखुरल्या. १९४८ मध्ये वसाहत रिकामी झाली आणि तिच्या जागी फाळणीत घरदार गमावलेले सिंधी बांधव येऊन राहिले. तेच आजचे गांधीनगर.

मान्यता गेली तरी लंडनमधील पोलिश सरकार विसर्जित झाले नाही. दरवर्षी उतारवयाकडे झुकणाऱ्या माणसांचे ते सरकार पंचेचाळीस वर्षे तग धरून राहिले आणि २२ डिसेंबर १९९० रोजी शेवटचे परागंदा अध्यक्ष काचोरोव्स्की यांनी राष्ट्राची अधिकारचिन्हे वॉर्सात नूतन अध्यक्ष वालेसा यांच्या हाती सुपूर्द केली. त्याच वर्षी एप्रिलमध्ये सोव्हिएत संघाने कातिनची जबाबदारी मान्य केली होती. मारले गेलेल्यांची संख्या सुमारे २२,००० होती.

सिकोर्स्कींचा देह जुलै १९४३ मध्ये इंग्लंडमधील न्यूआर्क येथे, पोलिश वैमानिकांच्या दफनभूमीत ठेवण्यात आला होता. पोलंड स्वतंत्र होईपर्यंत तो तेथेच राहिला. १७ सप्टेंबर १९९३ रोजी, म्हणजे सोव्हिएत आक्रमणाच्या चौपन्नाव्या स्मृतिदिनी, क्राकूव्ह येथील वावेल राजप्रासादाच्या प्रार्थनामंदिरात, संत लेओनार्डच्या तळघरात त्याचे पुन्हा दफन झाले. त्याच प्रार्थनामंदिरात, दुसऱ्या एका तळघरात, पिलसुडस्कीही चिरनिद्रा घेत आहेत.